दारामागचे सामायिक कपाट

दिल्लीच्या जुन्या रेल्वे स्थानकासमोर दिल्ली पब्लिक लायब्ररीची इमारत आहे. युनेस्कोच्या साहाय्याने उभ्या राहिलेल्या या ग्रंथालयाचे उद्घाटन २७ ऑक्टोबर १९५१ रोजी पंडित जवाहरलाल नेहरू यांच्या हस्ते झाले. त्या काळी काय किंवा आज काय, कोणत्याही सार्वजनिक ग्रंथालयात नवा वाचक आला की ग्रंथपालापुढे पहिला प्रश्न उभा राहतो तो हा, की या गृहस्थाला ओळखणारे कोण आहे? पुस्तक कोणते हवे, हा प्रश्न त्यानंतरचा.

याच दिल्लीत १९८८ च्या जानेवारीत इंडिया इंटरनॅशनल सेंटरच्या ग्रंथालयात 'डेलनेट' या ग्रंथालयजालाचा आरंभ झाला आणि १९९२ मध्ये संस्था म्हणून त्याची नोंदणी झाली. एका ग्रंथालयात नसलेले पुस्तक दुसऱ्या ग्रंथालयातून मागवून देणे, हे या जालाचे एक प्रमुख काम. येथे पुस्तक देणारे ग्रंथालय वाचकाला मुळीच ओळखत नाही. ते ओळखते वाचकाच्या ग्रंथपालाला. "हा आमचा सभासद आहे" एवढी त्याची सही असलेली चिठ्ठी पुरेशी होते. वाचकाचे नाव, गाव, घराची किल्ली यांपैकी काहीही दुसऱ्या ग्रंथालयाला द्यावे लागत नाही.

वाचकहो, ही साधी चिठ्ठी ज्याला समजली त्याला संगणकांच्या जगातील 'संघीय प्रवेश' ही व्यवस्था समजली, असे म्हणावयास हरकत नाही. या व्यवस्थेविषयी बोलणे आज अगत्याचे झाले आहे. परंतु माझा खरा विषय तिच्या दाराचा नसून दारामागच्या कपाटाचा आहे. त्या कपाटाकडे आपले सर्वांचे दुर्लक्ष होत आहे, अशी माझी तक्रार आहे.

चिठ्ठी कशी चालते

विद्यार्थी घरी बसून एखाद्या प्रकाशकाच्या संकेतस्थळावर जातो आणि शोधनिबंध मागतो. प्रकाशक त्याला परवलीचा शब्द विचारीत नाही. तो एवढेच विचारतो, की तुमची संस्था कोणती? विद्यार्थ्याने संस्थेचे नाव सांगताच त्याला त्याच्याच संस्थेच्या दाराशी पाठविले जाते. परवलीचा शब्द तो तेथे, आपल्या घरच्या दाराशी देतो. खात्री पटली की संस्थेचा सर्व्हर एक चिठ्ठी लिहितो, तिच्यावर डिजिटल स्वाक्षरी करतो आणि विद्यार्थ्याला परत पाठवितो. प्रकाशक स्वाक्षरी पारखतो आणि दार उघडतो. परवलीचा शब्द संस्थेबाहेर जातच नाही, हा या पद्धतीचा सर्वांत मोठा गुण होय.

या चिठ्ठीची भाषा ठरविणारे प्रमाण, ज्याला 'सॅम्ल' म्हणतात, त्याची पहिली आवृत्ती २००२ मध्ये आणि आज प्रचलित असलेली दुसरी आवृत्ती २००५ मध्ये प्रसिद्ध झाली. ती भाषा बोलणारी जी मुक्त प्रणाली विद्यापीठांत सर्वाधिक रुजली तिचे नाव 'शिबोलेथ'. हे नाव बायबलातील एका कथेवरून घेतलेले आहे. नदीच्या उतारावर पहारेकरी प्रत्येकास 'शिबोलेथ' हा शब्द उच्चारावयास सांगत, आणि ज्याला 'श' म्हणता येत नसे तो शत्रू ठरून प्राणास मुके. ओळख पटविण्यातील चूक केवढी महाग पडू शकते, याची आठवण या नावातच आहे.

आपल्या देशात गांधीनगरच्या इन्फ्लिबनेट केंद्राने याच शिबोलेथच्या आधारावर 'इन्फेड' हा विद्यापीठांचा व महाविद्यालयांचा संघ उभारला. बिनतारी जाळ्यासाठी 'एडुरोम' ही अशीच संघीय सेवा भारतात दिल्लीची एर्नेट इंडिया ही संस्था चालविते. नागरिकांसाठी 'मेरी पहचान' ही व्यवस्था २०२२ च्या जुलैत सुरू झाली. तिच्यातील 'ई-प्रमाण' हा घटक सी-डॅकच्या मुंबई केंद्राने घडविला आहे. आणि २५ नोव्हेंबर २०२४ रोजी केंद्रीय मंत्रिमंडळाने 'एक राष्ट्र, एक वर्गणी' ही योजना संमत केली. तिच्यासाठी तीन वर्षांकरिता ६,००० कोटी रुपये मंजूर झाले. ३० प्रकाशकांची सुमारे १३,००० नियतकालिके ६,३०० हून अधिक शासकीय संस्थांतील सुमारे १ कोटी ८० लाख विद्यार्थी, अध्यापक व संशोधक यांच्यासाठी खुली करणे, हा तिचा उद्देश.

एवढे मोठे भांडार उघडले. आता त्याच्या दाराची कडी पाहू.

लायब्ररी म्हणजे काय

येथे माझ्या व्यवसायातील एक अडचण सांगितली पाहिजे. अनुवादकाला 'लायब्ररी' या शब्दाने फार सतावले आहे. संगणकशास्त्रात लायब्ररी म्हणजे पुस्तकांची जागा नव्हे. अनेक आज्ञावलींना वारंवार लागणारी कामे एकदाच लिहून ठेवलेली फाइल, असा तिचा अर्थ. 'ग्रंथालय' म्हटले तर वाचक फसतो आणि नवा संस्कृत शब्द घडविला तर संगणकावर काम करणारा फसतो. म्हणून या लेखात पुस्तकांचे ते 'ग्रंथालय' आणि आज्ञांची ती 'लायब्ररी' असा भेद पाळला आहे.

लिनक्सवर चालणाऱ्या सर्व्हरवर अशा फाइली एका ठरावीक कपाटात असतात. त्यांच्या नावाचा आरंभ 'लिब' या अक्षरांनी होतो आणि नावात पुढे 'एस-ओ' ही अक्षरे येतात. या दोन अक्षरांचा अर्थच 'सामायिक वस्तू' असा आहे. प्रत प्रायः एकच. परंतु दहा आज्ञावल्या ती एकाच वेळी वापरतात. चाळीतील एकच पाटा-वरवंटा दहा बिऱ्हाडांनी वापरावा, तसा हा व्यवहार. ही कल्पना नवी नाही. १९६० च्या दशकात 'मल्टिक्स' या प्रणालीत तिचा पाया घातला गेला आणि पुढे युनिक्सच्या घराण्यात ती सर्वमान्य झाली.

शिबोलेथने राखलेल्या दाराशी एक चिठ्ठी आली म्हणजे किती हात कामाला लागतात पाहा. संघाच्या सभासद-संस्थांची यादी दूरच्या सर्व्हरवरून आणण्याचे काम 'लिब-कर्ल' करते. चिठ्ठीचा मजकूर पदच्छेद करून वाचण्याचे काम 'झर्सिस' या लायब्ररीकडे. स्वाक्षरी तपासण्याचे काम एक्सएमएल-सुरक्षेची लायब्ररी पाहते, आणि त्यामागचे अवघड गणित 'ओपन-एसएसएल' करते. 'एक्सएमएल-टूलिंग' या सर्वांना एकत्र जोडते आणि 'ओपन-सॅम्ल' चिठ्ठीचा अर्थ लावते. दारावर नाव एका संस्थेचे. परंतु प्रत्यक्ष पारख या पाच-सहा फाइली करतात. त्यांची नावे संस्थेच्या वार्षिक अहवालात येत नाहीत, आणि संस्थेच्या प्रमुखाने ती ऐकलेली असण्याचाही संभव कमीच.

एका टीपेची गोष्ट

आता धोका कोठे आहे ते एका उदाहरणाने सांगतो. ज्या भाषेत ही चिठ्ठी लिहितात तिच्यात मजकुराच्या मध्येच कंसातल्यासारखी 'टीप' घालता येते. स्वाक्षरी करताना टिपा वगळून उरलेल्या मजकुरावर स्वाक्षरी करावी, असा प्रघात आहे. त्यामुळे नंतर कोणी एखादी टीप घुसडली तरी स्वाक्षरी खरीच ठरते. येथवर काही बिघडत नाही. परंतु काही लायब्रऱ्यांची रीत अशी होती, की नाव वाचताना मध्ये टीप आढळली की त्या तेथेच थांबत आणि पुढची अक्षरे सोडून देत.

समजा, संघात 'राम' या नावाचे एक अधिकारी आहेत आणि 'रामदास' नावाचा एक सामान्य सभासद आहे. रामदासाने स्वतःची खरी, स्वाक्षरी असलेली चिठ्ठी घेतली आणि 'राम' या अक्षरांनंतर एक रिकामी टीप घातली. स्वाक्षरी पारखणारा म्हणतो, चिठ्ठी अस्सल आहे. नाव वाचणारा म्हणतो, नाव 'राम' आहे. झाले! रामदास हा रामाच्या अधिकाराने आत शिरला. कोणाचा परवलीचा शब्द चोरला गेला नाही, कोणतेही कुलूप फुटले नाही. दोन कामगारांनी एकच कागद दोन रीतींनी वाचला, एवढेच घडले.

हा दोष २०१८ च्या फेब्रुवारीत जगापुढे आला. तो एकाच लायब्ररीत नव्हता. निरनिराळ्या भाषांत लिहिलेल्या अनेक लायब्रऱ्यांत होता, आणि शिबोलेथची 'एक्सएमएल-टूलिंग' ही त्यांपैकी एक. त्याच लायब्ररीतील याच्या जवळचा दुसरा दोष एक महिना आधी, जानेवारीत, दुरुस्त झाला होता. पुढे २०२५ च्या मार्चमध्ये 'ओपन-सॅम्ल' या लायब्ररीत स्वाक्षरीची बनावट करू देणारा आणखी एक दोष सापडला व ३.३.१ ही सुधारलेली आवृत्ती निघाली. प्रत्येक वेळी दुरुस्ती तत्परतेने प्रसिद्ध झाली, हे नमूद केले पाहिजे. परंतु दुरुस्ती प्रसिद्ध होणे आणि ती आपल्या सर्व्हरच्या कपाटात येऊन पोहोचणे, या दोन गोष्टींत दिवसाचे, महिन्याचे, कधी वर्षाचे अंतर पडते. लस निघाली म्हणजे गावाला टोचली गेली असे होत नाही.

नोएडातील विद्यार्थिनी

दोष न निघताही केवळ अज्ञानाने दार कसे बंद पडते, याचा अनुभव माझ्या परिचयाच्या एका विद्यार्थिनीने घेतला. ती मूळची परभणीची. नोएडात भाड्याच्या खोलीत राहून राजधानीतील एका संस्थेत शिकत होती. लघुप्रबंध देण्याची मुदत जवळ आलेली आणि एके सकाळी ग्रंथालयाच्या सर्व्हरचे दार घरून उघडेना. संस्थेच्या आवारात मात्र ते उघडत होते. आठवडाभर ती रोज मेट्रोने दोन तास जाऊन आणि दोन तास परत येऊन वाचन करीत राहिली. तिची काही चूक नव्हती आणि तिला काही सांगणारेही कोणी नव्हते.

कारण पुढे कळले ते असे. त्या सर्व्हरवरील ऑपरेटिंग सिस्टिमच्या सातव्या पिढीत 'लिब-कर्ल' ही लायब्ररी ओपन-एसएसएलच्या ऐवजी दुसऱ्याच एका लायब्ररीच्या आधारावर बांधलेली होती. शिबोलेथला तर ओपन-एसएसएलवर बांधलेलीच प्रत हवी असते. म्हणून शिबोलेथ प्रकल्प स्वतःची 'लिब-कर्ल' देत असे आणि ती वेगळ्या कपाटात ठेवीत असे. एकाच नावाच्या दोन फाइली, दोन कपाटे. आणि कोणत्या कपाटात आधी पाहावयाचे, हे सेवा सुरू करणाऱ्या एका छोट्या आज्ञापत्रात लिहिलेले. कोणीतरी ते आज्ञापत्र टाळून सेवा हाताने पुन्हा सुरू केली. मग दाराने चुकीची प्रत उचलली, तिला संघाची यादी आणता आली नाही, जुन्या यादीची मुदत संपली आणि दार मिटले. नोंदवहीत त्याचे कारण एका ओळीत स्वच्छ लिहिलेले होते. परंतु ती ओळ वाचू शकणारा एकमेव मनुष्य दोन महिन्यांपूर्वी नोकरी सोडून गेला होता.

या प्रसंगात दोष कोणा एका व्यक्तीचा नाही. ज्याच्यावर शेकडो वाचकांचे वाचन अवलंबून आहे ते कपाट एकाच माणसाच्या स्मरणशक्तीवर सोपविणे, ही आपली सार्वत्रिक रीत झाली आहे. दोष त्या रीतीचा आहे.

दोन आक्षेप

या विवेचनावर दोन आक्षेप घेतले जातात. पहिला असा, की सामायिक लायब्ररी हवीच कशाला? प्रत्येक आज्ञावलीने आपल्यापुरती प्रत आपल्या पोटात बाळगावी, म्हणजे एकाच्या दोषाने दुसरा बुडणार नाही. आक्षेप वरवर पाहता बिनतोड वाटतो, आणि काही ठिकाणी ती पद्धत योग्यही असते. परंतु ओपन-एसएसएलमधील 'हार्टब्लीड' हा दोष २०१४ च्या एप्रिलमध्ये उघड झाला तेव्हा काय दिसले? जेथे सामायिक प्रत होती तेथे एक फाइल बदलून, सेवा पुन्हा सुरू केल्या की ते छिद्र बुजले. जेथे प्रत्येकाने आपापली प्रत पोटात लपविली होती तेथे ती कोणाकोणाच्या पोटात आहे, हेच आधी शोधावे लागले. सार्वजनिक विहिरीत घाण पडली तर विहीर उपसावी. घरोघरी गुप्त विहिरी खणल्याने रोग थांबत नाही.

दुसरा आक्षेप असा, की संघाची ही खटपट सोडून सर्व देशाला एकच मध्यवर्ती ओळख द्यावी आणि तीच सर्व दारी चालवावी. मला हे मान्य नाही. संघात प्रत्येक संस्था आपल्या माणसांना स्वतः ओळखते आणि बाहेर फक्त गरजेपुरते सांगते. वाचक अमुक संस्थेचा सभासद आहे, एवढे प्रकाशकाला कळले तरी पुरे. तो कोण आणि काय वाचतो, याची एका ठिकाणी साठवण होण्याचे कारण नाही. वाचनाचे स्वातंत्र्य हा ग्रंथालयांचा जुना धर्म आहे आणि संघीय पद्धत तो पाळू शकते. म्हणूनच ती सांभाळण्याजोगी आहे.

काय करावे

माझ्या मते तीन गोष्टी तातडीने व्हावयास हव्यात.

पहिली, नोंदवही. ज्या संस्थेच्या सर्व्हरवर संघीय प्रवेशाचे दार आहे तिने त्यामागील प्रत्येक लायब्ररीचे नाव, आवृत्ती, ती कोठून आणली आणि कोणत्या कपाटात ठेवली, हे लिहून ठेवावे. ग्रंथपाल पुस्तकांची दाखल-नोंदवही ठेवतो आणि दरवर्षी पडताळणी करतो. तीच शिस्त या कपाटाला लावावी. ३० जून २०२४ रोजी रेड हॅट व सेंटॉस यांच्या सातव्या पिढीची नियमित देखभाल संपली. ही तारीख कोणाच्याही नोंदवहीत असती तर तिची तयारी वर्षभर आधी करता आली असती.

दुसरी, दोन माणसे. एकाच्या जागी दोघांना हे काम यावे, आणि दुरुस्तीची सूचना निघाल्यापासून आठ दिवसांच्या आत ती सर्व्हरवर पोहोचावी, असा नियम संघाने आपल्या सभासदांना घालावा. संघात एकाचे दार सैल असेल तर त्याच्या चिठ्ठीवर विश्वासणाऱ्या सर्वांचे दार सैल होते. म्हणून ही देखभाल ज्याच्या त्याच्या मर्जीवर सोडता येणार नाही.

तिसरी गोष्ट पैशाची. हार्टब्लीडच्या वेळी जगाला कळले, की ज्या ओपन-एसएसएलवर असंख्य सर्व्हर विसंबून आहेत त्या प्रकल्पाला देणग्यांच्या रूपाने वर्षाला जेमतेम २,००० डॉलर मिळत होते. २०२४ च्या मार्चमध्ये याहून विलक्षण प्रकार घडला. 'लिब-एलझेडएमए' ही आकुंचनाचे काम करणारी एक साधी लायब्ररी बहुतांशी एकच गृहस्थ सांभाळीत होते. मदतीच्या मिषाने आलेल्या एका टोपणनावाच्या व्यक्तीने दोन वर्षांहून अधिक काळ त्यांचा विश्वास संपादन केला आणि तिच्यात चोरवाट पेरली. दूरच्या सर्व्हरवर प्रवेश देणारी सेवा काही लिनक्स प्रणालींत आडवळणाने हीच लायब्ररी उचलीत असे. आंद्रेस फ्रॉइंड नावाच्या अभियंत्याला आपल्या प्रवेशास सुमारे अर्धा सेकंद अधिक लागतो, हे खटकले. त्याने माग काढला आणि २९ मार्च रोजी अनर्थ टळला. जगाची सुरक्षितता एका माणसाच्या थकव्यावर आणि दुसऱ्याच्या चौकसपणावर अवलंबून राहावी, हे शहाणपणाचे नव्हे. ज्ञानभांडारासाठी जे राष्ट्र ६,००० कोटी रुपये खर्च करू शकते, त्याने त्या रकमेचा अगदी अल्प अंश या लायब्रऱ्या सांभाळणाऱ्यांना द्यावा, आणि आपले तरुण अभियंतेही त्या कामाला जोडून द्यावेत. फुकट मिळालेल्या वस्तूचे ऋण नसते, असे थोडेच आहे?

शाळांतील विद्यार्थ्यांना एक लहानसा प्रयोग सुचवितो. ज्या शाळेत लिनक्सचा संगणक आहे तेथे शिक्षकांच्या देखरेखीखाली 'एल-डी-डी' ही आज्ञा शाळेतीलच एखाद्या ओळखीच्या आज्ञावलीच्या फाइलीवर चालवून पाहा. ती आज्ञावली कोणकोणत्या सामायिक फाइलींच्या खांद्यावर उभी आहे, त्यांची यादी समोर येईल. ती वहीत उतरवून घ्या. त्यांतील एखादी फाइल कोणी लिहिली, आज ती कोण सांभाळतो, याचा शोध घ्या. आपण रोज ज्या दारातून आत जातो त्याची बिजागरे कोणी घडविली, हे जाणून घेणे हेही विज्ञानशिक्षणच होय.

परभणीच्या त्या मुलीने आपला लघुप्रबंध वेळेवर दिला, कारण तिच्याजवळ मेट्रोचे भाडे होते आणि चार तास घालविण्याची तयारी होती. संस्थेपासून शंभर मैलांवर राहणाऱ्या विद्यार्थ्याला तोही मार्ग नाही. त्याच्यासाठी संघीय प्रवेशाचे दार हेच ग्रंथालय आहे. ते उघडे राहावे, आणि योग्य माणसालाच उघडावे, असे आपणांस वाटत असेल तर दारामागच्या कपाटाची झाडलोट आपल्यालाच करावी लागेल. कारण कपाट सामायिक आहे आणि म्हणून त्याची जबाबदारीही सामायिकच आहे.